“फक्त बघतो”

“मॅडम, मी कधी तिच्या वाटेलासुद्धा गेलो नाही. फक्त बघतो. यात आजार कसला?” असं विचारणारे माझ्याकडे समुपदेशनाला बरेच येतात, बहुतेक मान खाली घालून.

हा तिशीतला तरुण (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत) आठ महिने समोरच्या इमारतीतल्या एका बाईची खिडकी पाहत होता. रात्री अकरा वाजले की दिवा मालवून उभा राहायचा. आधी दहा मिनिटं, पुढे दोन-दोन तास. बहुतेक रात्री काहीच दिसायचं नाही, आणि त्यामुळेच तो जास्त खिळायचा. कधीतरीच हाती लागणाऱ्या गोष्टीची चटक फार चिवट असते.

मला घोर लागला तो त्याच्या एका वाक्याने: “तिला माहीत आहे. म्हणून तर पडदा उघडा ठेवते.”

मी वही दिली. डाव्या पानावर डोळ्यांना दिसलं तेवढंच, उजव्या पानावर मनाने लावलेला अर्थ. नवं काही पाहायचं नाही, आठवेल तेच लिहायचं. डावीकडे तीनच ओळी आल्या: खिडकी उघडी, केस पुसत होती, एकदा रात्री तीनपर्यंत दिवा. उजवं पान मात्र गच्च भरलं. ‘मला दाखवते. माझी वाट पाहते.’

“मे महिन्यात तुमची खिडकी रात्री बंद असते?” तो गप्प.

“तुमच्या घरी तीनपर्यंत दिवा कधी जळला होता?”

“आई आजारी होती तेव्हा,” म्हणाला, आणि पेन खाली ठेवलं.

त्याच्या प्रश्नाचं उत्तरही मी आडपडदा न ठेवता दिलं. कुणाला त्याच्या नकळत चोरून पाहण्याची अशी लैंगिक ओढ सहा महिन्यांहून जास्त टिकली आणि माणूस तसं वागू लागला, तर मनोविकारशास्त्र त्याला विकार मानतं. बाईला तिच्या खासगी क्षणी चोरून पाहणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ खाली गुन्हा आहे. पहिल्याच वेळी १ ते ३ वर्षं कैद. झोप पार उडाली होती, म्हणून त्याला मनोविकारतज्ज्ञांकडेही पाठवलं. अकराच्या ठोक्याला घराबाहेर पडून मित्राबरोबर चालायचं ठरलं. ओढ थोड्या वेळाने ओसरते, हे त्याला स्वतःला कळायला हवं होतं.

चौथ्या भेटीत तो माफीचं पत्र घेऊन आला. तिच्या दारात टाकायचं होतं. मी टाकू दिलं नाही. त्याचं ओझं उतरलं असतं, पण तिला त्या दिवसापासून स्वतःच्या घरात कपडे बदलायची धास्ती वाटली असती. पत्र माझ्याकडेच ठेवून घेतलं. त्याने त्या आठवड्यात स्वतःच्या खिडकीला जाड पडदा लावला.