चेहरा झाकून बोल, असं मुलाला सांगू का?

प्रश्न: माझा २४ वर्षांचा मुलगा गे आहे. आम्हा दोघांना हे तीन वर्षांपासून ठाऊक आहे, कसंबसं पचवलंय. आता मैत्रिणीच्या माहितीपटात तो स्वतःबद्दल बोलणार आहे. "चेहरा तरी दाखवू नकोस," म्हटलं, तर त्याने अबोला धरला. नातेवाइकांना काय तोंड दाखवू? – एक आई, सातारा

ताई, तुमच्या पत्रात दोन चेहरे आहेत, मुलाचा आणि तुमचा. घोळ तिथेच झालाय.

१९६७ साली अमेरिकेत सीबीएस वाहिनीने समलैंगिक पुरुषांवर एक कार्यक्रम दाखवला. त्यात एक जण कुंडीतल्या झाडाच्या पानांआडून बोलतो. तो काय बोलला ते फारसं कुणाला आठवत नाही, कुंडी मात्र आजही आठवते. झाकलेला माणूस बघणाऱ्याला आधी गुन्हेगारच वाटतो. (तेव्हा इलिनॉय सोडलं तर तिथल्या प्रत्येक राज्यात समलैंगिक संबंध हा गुन्हा होताही. आपल्याकडे २०१८ पासून नाही.)

दहा वर्षांनी, १९७७ मध्ये, 'वर्ड इज आउट' हा माहितीपट आला. २६ स्त्री-पुरुष, सगळे उघड्या चेहऱ्याने. तज्ज्ञ नाहीत, निवेदक नाही. माणसं निवांत बसून पहिलं प्रेम, लग्न, आईबाप यांबद्दल बोलतात, मध्येच हसतात. कवयित्री एल्सा गिडलो तर तेव्हा सत्तरी ओलांडलेल्या. मिळाला तर मुलासोबत बघा. गप्पाच आहेत, घाबरण्यासारखं काही नाही.

पण तुमची भीती खोटी नाही. त्याच १९६७ च्या कार्यक्रमात जॅक निकल्स नावाचा एक जण चेहरा दाखवून बोलला. वडील एफबीआयमध्ये, म्हणून त्यांच्याशी ठरवून त्याने नाव तेवढं बदललं. तरी दुसऱ्याच दिवशी त्याची हॉटेलातली नोकरी गेली.

म्हणून चेहऱ्यावरून भांडण्यापेक्षा हे विचारा: आडनाव येणार का? आपलं घर दिसणार का? ऑफिसात कुणाला माहीत आहे? सही करण्याआधी कागद नीट वाचलाय ना, आणि अंतिम कट आधी बघायला मिळेल का? आडनाव आणि घर तुमचंही आहे, त्याबद्दल बोलायचा तुम्हाला हक्क आहे. चेहरा त्याचा.

नातेवाइकांचं म्हणाल, तर फिल्म यायच्या आधी ज्या एका नणंदेशी किंवा बहिणीशी तुमचं खरंच पटतं, तिला स्वतः फोन करा. बाकीच्यांना तीच सांगेल, तुम्ही सांगितलं नाहीत तरी.

आणि आज रात्री त्याला जेवायला हाक मारा. अबोला तुम्ही मोडा.