वसा की वारसा?

'वसा' आणि 'वारसा' समानार्थी आहेत का, असा प्रश्न आला आहे. नाहीत. 'लोककथांचा समृद्ध वसा आपल्याला लाभला आहे' हे वाक्य दर गणेशोत्सवात कुठल्या ना कुठल्या व्यासपीठावरून कानावर आदळतं. वसा म्हणजे व्रत; तो लाभत नाही हो! तो मागून घ्यावा लागतो आणि घेताना 'उतणार नाही, मातणार नाही, घेतला वसा टाकणार नाही' असं कबूल करावं लागतं. 'वारसा'मधलं 'र' गळून 'वसा' झाला, असं ठासून सांगणारे महाभागही आहेत. त्यांनी श्रावणातली आदित्यराणूबाईची कहाणी एकदा तरी कान देऊन ऐकावी.

तिथं नागकन्या-देवकन्या वसा नुसता करत नाहीत, 'वसतात'. गरीब ब्राह्मण त्यांना विचारतो, 'कसला वसा वसता?' क्रियापदच वसणे! आता संस्कृतात या. यज्ञाच्या आदल्या दिवसाला 'उपवसथ' म्हणत. 'शतपथ ब्राह्मण' हा वैदिक ग्रंथ त्याचा खुलासा करतो : उद्या यज्ञ आहे हे कळून देव आदल्या रात्रीच यजमानाकडे वस्तीला येतात. पाहुणे जेवले नसताना यजमानानं कसं जेवायचं? 'उपवास' याच 'वस्' धातूचा, बौद्धांचा व्रताचा दिवस, पालीतला 'उपोसथ', तोही याच घरातला. माझ्या मते आपला वसाही इथलाच. 'वश'मधून तो काढू पाहणाऱ्यांनी 'वसा वसणे' हा प्रयोग कुठं बसवायचा तेवढं सांगावं.

आणि वसा नुसता पाळून भागत नाही, कहाणी सांगावी लागते, तीही ऐकणारा शोधून. याच कहाणीतली राणी उपाशी माणूस शोधायला लावते, तर सापडतो एक मोळीविक्या. त्याला पोटाची चिंता, कहाणी ऐकून काय होणार? सहा मोत्यांपैकी तीन ती आपण घेते, तीन त्याला देते. 'मनोभावे' सांगते, तो 'चित्तभावे' ऐकतो. लाकडांची मोळी सोन्याची होते. नुसत्या ऐकण्याचं एवढं फळ, तर वशाचं केवढं, असं म्हणून तो तिथल्या तिथं वसा मागून घेतो. राणीचा तो ना मुलगा, ना भाचा. वारसाहक्कात कुठंच बसत नाही.

हां, 'वारसा' राहिलाच. तो अरबी 'वारिस'वरून आलेला. तलाठ्याकडे नोंद होते ती त्याची.