महायुद्धाच्या फुटेजमध्ये नुसती कवायतच दिसते, मग मेलेली माणसं दाखवायची कशी?

पहिल्या महायुद्धातल्या मराठा शिपायांवर माहितीपट करताय, हाती मूक फुटेज आहे आणि त्यात सगळे नुसते संचलन करताना दिसतात, ही तुमची अडचण. दिसणारच. कॅमेरा लष्कर नेईल तिथेच जायचा आणि वर सेन्सॉर होता. मृत्यू तुम्हाला कागदपत्रांतून आणावा लागेल.

पण आधी वेग. तेव्हा कॅमेरा हाताने फिरवत, सेकंदाला साधारण 16 फ्रेम. तेच 24 ने चालवलं की शिपाई दीडपट वेगाने तुरुतुरु पळतात आणि प्रेक्षक हसतो. प्रत्येक शॉट 14, 16, 18 लावून पाहा, पावलं जड पडताना दिसली की थांबा. मधल्या फ्रेम सॉफ्टवेअरकडून बनवून घेऊ नका, हातपाय विरघळल्यासारखे दिसतात. आहेत त्याच फ्रेम दुबार लावा. पडदा भरायला 4:3 चं (जुनी चौकोनी चौकट) 16:9 (आजची रुंद चौकट) केलंत तर उंचीचा 25 टक्के भाग जातो, नेमके पाय नाहीतर पागोटी. काळ्या पट्ट्या राहू द्यात.

आता कागद. कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशन या युद्धमृतांच्या नोंदी ठेवणाऱ्या संस्थेच्या ऑनलाइन नोंदींत पलटण आणि मृत्यूची तारीख मिळते, बऱ्याचदा वडिलांचं नाव आणि गावही. मेसोपोटेमियातल्या (आजचा इराक) कूतच्या वेढ्यात (डिसेंबर 1915 ते एप्रिल 1916) मराठा पलटणीही होत्या, तिथून सुरुवात करा. तिथल्याच बसरा स्मारकावर साध्या भारतीय शिपायांची नावं कोरलेलीच नाहीत, फक्त संख्या आहे. म्हणून संचलनाच्या लांब, न कापलेल्या शॉटवर नावं आणि गावं सावकाश वाचा. मात्र एखाद्या चेहऱ्यावर थांबून नाव घेऊ नका. तो माणूस तोच, असा अर्थ निघतो आणि तुमच्याकडे पुरावा नसतो.

फ्रान्समधला शॉट मेसोपोटेमियाचा म्हणून लावण्याचा मोह सगळ्यांनाच होतो. फ्रान्समधल्या सोमच्या लढाईवरच्या 1916 च्या ब्रिटिश चित्रपटातला खंदकातून वर चढण्याचा प्रसंग आघाडीच्या मागे रचून घेतलेला मानतात, तरी आजही तो खरा हल्ला म्हणून फिरतो. तेव्हा प्रत्येक शॉटचा संग्रह-क्रमांक, रीळ, टाइमकोड, ठिकाण, तारीख आणि हक्क एका तक्त्यात लिहा. ठिकाण नक्की नसेल तर तसंच लिहा.

संग्रहाने पाहण्यासाठी दिलेल्या वॉटरमार्कच्या (शिक्का उमटलेल्या) प्रतीवर संकलन पक्कं झाल्याशिवाय मास्टरचे, म्हणजे चांगल्या दर्जाच्या स्वच्छ प्रतीचे, पैसे भरू नका. मागवताना शॉटच्या दोन्ही टोकांना एकेक सेकंद जास्त मागा, आणि 'वेग न बदललेलं स्कॅन' हे लेखी कळवा. नाहीतर आधीच फ्रेम दुबार केलेली, सेकंदाला 25 फ्रेमची फाइल येते आणि वेग ठरवायचं काम पहिल्यापासून.