रीलमधली सिस्टर आणि वॉर्डातली

प्रश्न : मुलगी यंदा बारावी सायन्स झाली. तिला बीएस्सी नर्सिंग करायचं आहे. धाकटे दीर घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर नर्सवरचे रील टाकतात. तोकडा पांढरा झगा, हातात इंजेक्शन, नुसते नखरे. वर विचारतात, ‘हे शिकायला पाठवताय होय?’ पोर रडते. काय करू?
– एक आई, निपाणी

उत्तर : ताई, खानापूर आणि बेळगाव मिळून ३१ वर्षं मी स्टाफ नर्स होते. तसला झगा एकाही वॉर्डात पाहिला नाही. आधी पांढरी साडी होती, पुढं सलवार-कुर्ता आणि वर कोट. खिशात पेन, कात्री, चिकटपट्टी.

मला त्या झग्याहून जास्त सलते ती मालिकांतली नर्स. ट्रे धरून डॉक्टरांच्या तोंडाकडे बघत उभी! अहो, आम्ही बघत असतो पेशंटकडे. एका रात्री जांबोटीकडची बाळंतीण होती. बाळंत होऊन दीड तास झालेला, बीपी ठीक. पण नाडी मघापेक्षा जलद लागली. चादर सारली तर खालचा कपडा रक्तानं चिंब. पोटावर हात ठेवला, गर्भाशय मऊ. मावशीला डॉक्टरांकडे पिटाळलं आणि ते चोळत राहिले, आवळून घट्ट होईपर्यंत. मग डॉक्टर आले, गर्भाशय आवळणारं औषध, ऑक्सिटोसिन चढलं, बाई वाचली. मालिकेत ही गोष्ट डॉक्टर धावत येतात तिथून सुरू झाली असती.

अरुणा शानभाग आपल्याच कर्नाटकातल्या हळदीपूरची, मुंबईच्या केईएममध्ये नर्स. १९७३ साली तिच्यावर हल्ला झाला, ती कायमची अंथरुणाला खिळली, २०१५ मध्ये गेली. मधली जवळजवळ ४२ वर्षं तिथल्या नर्सेसनी तिला भरवलं, पुसलं, कुशीवर वळवलं. बातम्या झाल्या त्या हल्ल्याच्या आणि दयामरणाच्या खटल्याच्या. याचं मला फार वाईट वाटतं.

दिरांना मुलीसमोरच सांगा, ग्रुपवर हे बंद करा. चार वर्षांचा अभ्यासक्रम त्यांच्यापुढं ठेवा : शरीररचना, औषधशास्त्र, प्रसूती, गावातली आरोग्यसेवा. आणि पोरीलाही एक सांगा, उद्या वॉर्डात उभं राहून स्वतःचे रील काढू नको. मागच्या कॉटवर कुणीतरी उघडं पडलेलं असतं.

तिला कन्नड येतं ना? नसेल तर सुट्टीतच शिकायला लावा. रात्री दोन वाजता एखादी आजी ‘अक्का, नोव’, म्हणजे ‘ताई, दुखतंय’ म्हणून कण्हते, तेव्हा दुखतंय कुठं हे पोरीला आजीच्याच भाषेत विचारावं लागेल.