मनोविश्लेषण, समलैंगिकता आणि ‘मूळ कारण’ : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : माझा मुलगा २४ वर्षांचा असून पुण्यात नोकरी करतो. दिवाळीला घरी आला असताना त्याने आपण समलैंगिक असल्याचे आम्हाला सांगितले. त्याचे वडील नोकरीमुळे बरीच वर्षे बाहेरगावी होते आणि मी त्याला जरा जास्तच जपले. नात्यातील एका सुशिक्षित गृहस्थांचे म्हणणे असे की, बाप लांब आणि आई अति जवळ अशा घरातच हे घडते, आणि मनोविश्लेषण, म्हणजे मनातल्या नकळत गोष्टींचा बोलण्यातून शोध घेणारे उपचार, करून घेतल्यास मूळ कारण सापडून मुलगा बदलेल. हे खरे आहे का? आमचे काही चुकले का? – एक आई, सातारा

उत्तर : दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण तोच तुम्हाला अधिक सलतो आहे असे पत्रावरून जाणवते. ताई, तुमच्या हातून काहीही चुकलेले नाही. मुलाला जपणे हा अपराध नव्हे, आणि पोटासाठी घरापासून दूर राहणे हाही नव्हे.

तुमच्या नातेवाइकांनी सांगितलेले मत त्यांच्या पदरचे नाही; एके काळी ते नामवंत तज्ज्ञांचे मत होते. आयर्व्हिंग बीबर या अमेरिकन मनोविश्लेषकाने सहकाऱ्यांसह १९६२ साली एक अभ्यास प्रसिद्ध केला. १०६ समलैंगिक आणि तुलनेसाठी १०० इतर पुरुष रुग्णांची माहिती जमवून त्यांनी असा निष्कर्ष काढला की, मुलाला घट्ट बांधून ठेवणारी आई आणि अलिप्त किंवा आकस धरणारा बाप यांच्या घरात समलैंगिकता उद्भवते. उपचारांनंतर २७ टक्के समलैंगिक रुग्ण बदलले, असाही त्यांचा दावा होता. परंतु हे सर्व पुरुष मनोविश्लेषकांकडे उपचारांसाठी आलेले, म्हणजे मुळातच त्रासात असलेले होते. त्यांच्याविषयीच्या प्रश्नावल्या त्यांच्या विश्लेषकांनीच भरल्या होत्या. आणि समलैंगिकता हा विकार आहे हे संशोधकांनी आरंभीच गृहीत धरले होते. उपचारांची गरज न पडलेल्या समलैंगिक माणसांकडे त्यांनी पाहिलेच नाही. ते काम एव्हलिन हूकर या मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९५७ सालीच केले होते. ३० समलैंगिक आणि ३० भिन्नलैंगिक पुरुषांच्या मानसिक चाचण्यांचे कागद, कोणता कोणाचा हे न सांगता, त्यांनी अनुभवी तज्ज्ञांपुढे ठेवले, तेव्हा त्या तज्ज्ञांना दोन्हींतला फरक ओळखता आला नाही.

आपल्याकडचाच अनुभव पाहा. कोकणातल्या आणि घाटावरच्या असंख्य घरांतले कर्ते पुरुष पिढ्यान्‌पिढ्या मुंबईच्या गिरण्यांत राबले. महिन्याला मनीऑर्डर यायची, बाप गणपतीला किंवा शिमग्याला दिसायचा आणि मुले आईने वाढवली. ‘बाप लांब, आई जवळ’ हेच जर कारण असते, तर त्या घरांतले बहुसंख्य मुलगे समलैंगिक व्हायला हवे होते. तसे झाले नाही. बाप-लेकांतले अंतर काही घरांत दिसते, हे मात्र खरे आहे. पण रिचर्ड आयसे या मनोविश्लेषकाने, जो स्वतः समलैंगिक होता, त्याचा अर्थ उलटा लावून दाखवला. मुलगा इतर मुलांपेक्षा वेगळा आहे हे नकळत जाणवून बाप मागे सरतो, म्हणजे ते अंतर हे कारण नसून परिणाम असू शकते. मला हे म्हणणे बीबर यांच्या सिद्धान्तापेक्षा कितीतरी अधिक पटते.

अशाच एका अमेरिकन आईला मनोविश्लेषणाचे जनक खुद्द सिग्मंड फ्रॉईड यांनी १९३५ साली पत्राने उत्तर दिले होते. समलैंगिकतेत लाज वाटण्यासारखे काही नाही, ते दुर्गुण किंवा अधःपतन नाही आणि त्याला आजार म्हणता येत नाही, असे त्यांनी त्या बाईंना कळवले. ती लैंगिक विकासातल्या कसल्याशा अडसरातून येते असेही त्याच पत्रात आहे, आणि ते मत आज स्वीकारण्याजोगे नाही. पण उपचारांविषयी त्यांनी लिहिले ते अजून मोलाचे आहे : मुलगा बदलेल असे वचन देता येत नाही, मात्र तो दुःखी असेल, मनातल्या झगड्याने पिचला असेल, तर तो समलैंगिक राहो वा न राहो, विश्लेषणाने त्याला मनःशांती मिळू शकेल.

तेव्हा बदलण्यासाठी म्हणून मुलाला कोणाकडेही पाठवू नका. त्याने तुम्हाला विश्वासाने सांगितले आहे. तो पुण्यात कसा राहतो, त्याला कोणाची सोबत आहे, कसली भीती वाटते, हे त्याला विचारा. तुमच्या मनातली घालमेल मोकळी करण्यासाठी तुम्ही स्वतः समुपदेशकाकडे गेलात तर त्याचा उपयोग होईल, आणि त्यात कमीपणा मुळीच नाही.

प्रश्न : मी मानसशास्त्राची विद्यार्थिनी आहे. फ्रॉईड जर समलैंगिकतेला आजार मानत नव्हते, तर त्यांचे अनुयायी इतके विरोधात का गेले? – कोल्हापूर

उत्तर : फ्रॉईड यांच्या लेखनातच दोन धागे आहेत. माणूस मुळात उभयलैंगिक, म्हणजे स्त्री-पुरुष दोघांचीही ओढ वाटू शकणारा, असतो आणि केवळ भिन्नलिंगी व्यक्तीचेच आकर्षण वाटणे हेही स्पष्टीकरण मागणारे आहे, हा एक. लैंगिक विकास एका ठरावीक टप्प्यापर्यंत, म्हणजे भिन्नलिंगी आकर्षणापर्यंत, पोहोचायला हवा, हा दुसरा. १९२० साली त्यांनी एका १८ वर्षांच्या मुलीची हकीकत प्रसिद्ध केली. एका स्त्रीवर प्रेम करते म्हणून बापाने तिला त्यांच्याकडे आणले होते. ही मुलगी आजारी नाही, असे फ्रॉईड यांनी नोंदवले, आणि पूर्ण समलैंगिक व्यक्तीला भिन्नलैंगिक करण्याचा प्रयत्न हा उलट दिशेच्या प्रयत्नापेक्षा फारसा आशादायक नाही, असेही लिहिले. पुढे अमेरिकेत मनोविश्लेषक सँडर राडो यांनी १९४० साली उभयलैंगिकतेची कल्पनाच नाकारली, दुसरा धागा तेवढा उरला, आणि बीबर व चार्ल्स सोकॅरिडीस या मनोविश्लेषकांनी त्यावर उपचारपद्धतीची इमारत रचली. अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने १९७३ साली समलैंगिकता विकारांच्या यादीतून काढली, तेव्हा सर्वांत कडवा विरोध याच गटाने केला. अमेरिकेतील मनोविश्लेषकांच्या संघटनेने समलैंगिक उमेदवारांना प्रशिक्षणात भेदभाव न करण्याचे धोरण १९९१ साली स्वीकारले, आणि जाहीर माफी मागितली ती २०१९ साली. समजून घेणे हाच ज्या शास्त्राचा व्यवसाय, त्याने निवाडा देण्याचे काम अंगावर घेतले, याचे मला मनापासून दुःख वाटते. भारतीय मनोविश्लेषण संस्था १९२२ साली कलकत्त्यात स्थापन झाली असल्याने हा वारसा आपल्यालाही परका नाही; अभ्यासक्रमातली जुनी पाने वाचताना ती कोणत्या साली लिहिली गेली याकडे लक्ष ठेवा.

प्रश्न : मी २९ वर्षांची, लेस्बियन आहे. उदासी आणि निद्रानाशामुळे मला दीर्घकाळ चालणारे, खोलात जाणारे उपचार हवे आहेत, पण मनोविश्लेषणाच्या वळणाचा थेरपिस्ट माझ्या लैंगिक कलाचेच कारण खोदत बसेल अशी धास्ती वाटते. – ठाणे

उत्तर : तुमची धास्ती इतिहासाला धरून आहे, पण आजची चांगली मनोविश्लेषणात्मक थेरपी अशी चालत नाही. समजा, रविवारी आईशी फोनवर झालेले बोलणे तुम्ही सांगत आहात आणि जोडीदाराचा उल्लेख ‘रूममेट’ असा करताना तुमचा आवाज नेमका खाली येतो. चांगला थेरपिस्ट तिथे थांबेल. इथे, या बंद खोलीतही आवाज का उतरला, ऐकणारा नाराज होईल असे क्षणभर वाटले का, असे तो विचारील. घरी वर्षानुवर्षे बाळगलेली भीती थेरपिस्टसमोरही उभी राहते, आणि ती प्रत्यक्ष घडत असताना हाताळता येणे हे या पद्धतीचे खरे सामर्थ्य आहे. शोध घ्यायचा तो लाजेचा, तुटलेल्या नात्यांचा, स्वतःवरच उगवल्या जाणाऱ्या रागाचा. तुम्ही कोणावर प्रेम करता याचा दाखला त्यासाठी द्यावा लागत नाही.

पहिल्याच भेटीत स्पष्ट विचारा : समलैंगिकतेविषयी तुमचे मत काय, आणि तुम्ही याआधी समलैंगिक व्यक्तींबरोबर काम केले आहे का? उत्तर गुळमुळीत आले, ‘आधी कारण पाहू, मग ठरवू’ असे ऐकू आले, किंवा लग्नाचा सल्ला मिळाला, तर पुन्हा जाऊ नका. कायदा तुमच्या बाजूने आहे. समाजाच्या नैतिक वा सांस्कृतिक मूल्यांशी न जुळणे यावरून कोणाला मनोरुग्ण ठरवता येत नाही, असे मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ सांगतो. मद्रास उच्च न्यायालयाने २०२१ साली लैंगिक कल बदलण्याच्या उपचारांविरुद्ध आदेश दिला आणि त्यानंतर २०२२ साली राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने असे उपचार हे व्यावसायिक गैरवर्तन ठरवले. त्यामुळे डॉक्टरविरुद्ध राज्याच्या वैद्यकीय परिषदेकडे तक्रार करता येते.

एक गोष्ट मात्र लांबवू नका. निद्रानाश आणि उदासी वाढली असेल, जगणे नकोसे वाटत असेल, तर दीर्घ थेरपीची वाट न पाहता आधी मानसोपचारतज्ज्ञांना भेटा. रात्री-अपरात्री बोलायचे झाल्यास सरकारची ‘टेलि-मानस’ सेवा १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य उपलब्ध आहे. औषधे सुरू असतानाही थेरपी घेता येते, एकामुळे दुसरी सोडावी लागत नाही.