सोलापुरात राहून सिनेमॅटोग्राफर होण्याची तयारी करता येईल का? या कामातलं आयुष्य कसं असतं?

बी.एस्सी.चं शेवटचं वर्ष, घर अशोक चौकात, मुंबईत ओळख नाही आणि कॅमेरा घ्यायला पैसे नाहीत, असं तुम्ही लिहिलंय. तरीही या वाटेला जा, असंच मी सांगेन. कॅमेऱ्यासाठी कर्ज मात्र काढू नका. मोठ्या सिनेमांचेही कॅमेरे बहुधा भाड्यानंच येतात, सोबत त्या कंपनीचा अटेंडंट असतो. सिनेमॅटोग्राफर म्हणजे सिनेमाचा कॅमेरा आणि प्रकाश सांभाळणारा, त्यामुळे तुमच्याकडून अपेक्षा असते ती उजेड ओळखण्याची, आणि तो अभ्यास सोलापुरात फुकट होतो.

मेमध्ये भर दुपारी कोणाला तरी अंगणात उभं करून बघा. ऊन डोक्यावरून येतं, डोळ्यांच्या खोबण्या काळ्या पडतात. वर पांढरं कापड ताणलं की तोच चेहरा मऊ दिसतो. खालून थर्माकोलचा पत्रा धरला की डोळे उघडतात. मग यंत्रमागाच्या शेडमध्ये जा. छताच्या फटीतून येणारा कवडसा आणि बाकीचा अंधार, दोन्ही एका फ्रेममध्ये मावत नाहीत. काय दिसू द्यायचं आणि काय सोडायचं, ते तुम्हालाच ठरवावं लागतं. मी याच शेडमध्ये मोबाईलवर शिकलो आणि आजही सेटवर तीच शिकवण कामी येते.

थोर सिनेमॅटोग्राफर मंडळींनीही हेच केलं. सुब्रत मित्र यांनी 1956च्या 'अपराजितो'साठी स्टुडिओतल्या अंगणावर कापड ताणलं आणि त्यावरून दिव्यांचा प्रकाश परतवून बनारसच्या घरातला उजेड उभा केला. व्ही. के. मूर्तींनी 1959च्या 'कागज़ के फूल'मधला प्रकाशाचा तो प्रसिद्ध झोत आरशांनी ऊन आत वळवून मिळवला. दादासाहेब फाळके पुरस्कार मिळालेले ते पहिले सिनेमॅटोग्राफर. आपल्या करमाळा तालुक्यात चित्रित झालेला 'सैराट' सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी टिपलाय. तो एकदा आवाज बंद करून बघा.

शिक्षणाचं म्हणाल तर पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म संस्थेत तीन वर्षांचा सिनेमॅटोग्राफीचा अभ्यासक्रम आहे. कोणत्याही शाखेची पदवी चालते, प्रवेश परीक्षा मात्र कठीण. कोलकात्यालाही सत्यजित राय यांच्या नावाची तशीच संस्था आहे. प्रवेश नाही मिळाला तर एखाद्या डीओपीचे (सिनेमाच्या मुख्य सिनेमॅटोग्राफरचे) सहायक व्हा. लेन्स सांभाळणं, शॉटचे रिपोर्ट लिहिणं, मग फोकस ओढणं (शॉट चालू असताना फोकस जुळवत राहणं), मग दुसरा कॅमेरा, अशी पायरी चढत जाते. या काळात गॅफर (दिव्यांच्या टीमचा प्रमुख) आणि लाइटमन यांच्याशी दोस्ती ठेवा. कोणता दिवा कुठे लावला की काय होतं, हे त्यांच्याइतकं कोणी सांगत नाही.

आयुष्य दमवणारं आहे. शिफ्ट 12 तासांची म्हणतात, प्रवास आणि तयारी वेगळी. गड्ड्याची यात्रा, बहिणीचं लग्न, सगळं शेड्यूलच्या मर्जीवर. आणि दिग्दर्शकाला हवं ते न बोलता ओळखावं लागतं. माझ्या मते हेच या कामातलं सर्वात अवघड आणि सर्वात सुंदर काम.

पैसे सुरुवातीला कमी आणि उशिरा येतात, दोन सिनेमांच्या मध्ये महिने रिकामे जातात. लग्नाची शूटिंगं तेव्हा आधार देतात, त्यात कमीपणा मानू नका. पण मुंबईतलं भाडं पहिली काही वर्षं घरूनच भरावं लागेल असं धरून चाला आणि वडिलांशी त्याबद्दल निकाल लागायच्या आधीच बोला.