‘ग्रँडफादरिंग’मधले आजोबा कोणाचे?

प्रश्न असा आला आहे : शेअरवरच्या करासंबंधी ‘३१ जानेवारी २०१८ पर्यंतच्या नफ्याला ग्रँडफादरिंग’ असे लिहितात. यात आजोबा कुठून आले? ‘वडिलोपार्जित सवलत’ म्हटले तर चालेल का?

मुळीच नाही. हे ‘वडिलोपार्जित’ हल्ली सारखे कानावर येते आणि दर वेळी खटकते. वडिलोपार्जित असते ती मिळकत. इथे वारसा कुणाचाच नाही. नियम बदलला आणि आधीच्या नफ्याला सूट दिली. तेवढेच लिहावे.

आजोबा मात्र खरे आहेत आणि ते अमेरिकेच्या लुइझियाना राज्यातले आहेत. १८९८ साली त्या राज्याने नवी घटना केली. मतदाराला लिहिता-वाचता यावे, नाही तर ३०० डॉलरची मालमत्ता असावी, अशी अट घातली. वंशाचा उल्लेख करायची सोय नव्हती, वंशावरून मताधिकार नाकारायला बंदी करणारी १८७० ची पंधरावी घटनादुरुस्ती आडवी होती. पण या अटीत निरक्षर, गरीब गोरेही बाद होणार! म्हणून पोटकलम घातले : १ जानेवारी १८६७ ला किंवा त्याआधी ज्याला मताधिकार होता, त्याला आणि त्याच्या मुला-नातवांना अट माफ. दक्षिणेतल्या काळ्या पुरुषांना मताधिकार मिळवून देणारा काँग्रेसचा, म्हणजे अमेरिकी संसदेचा, कायदा मार्च १८६७ चा. तारीख कशी हेरली ते पाहा.

आणि नातूच का? १८९८ मधला एकवीस वर्षांचा तरुण १८७७ चा. १८६७ मध्ये त्याचा बाप बहुधा स्वतःच अल्पवयीन, म्हणजे बापाच्या नावावर सूट मिळणे कठीण. आजोबांशिवाय हे कलम तरुण गोऱ्यांच्या कामाचेच नव्हते. ‘ग्रँडफादर’ हा शब्द या वयाच्या हिशेबातून रुजला, असे माझे ठाम मत आहे. ‘आजोबा म्हणजे नुसते जुनेपण’ असे सांगणाऱ्यांनी ते कलम वाचलेलेच नाही.

‘या कलमाने काळ्यांची मते गेली’ हेही अर्धवट. मते गेली अटींनी. कलमाने गोऱ्यांना वाचवले. लुइझियानात १८९६ ला सुमारे १ लाख ३० हजार काळे मतदार नोंदलेले होते, १९०० मध्ये उरले सुमारे ५ हजार.

ओक्लाहोमा या दुसऱ्या राज्याने १९१० मध्ये हाच डाव टाकला. १९१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो मोडला. तर १९१६ मध्ये राज्याचा नवा कायदा : १९१४ ला, म्हणजे जुने कलम चालू असताना, मत दिलेल्यांची नोंद आपोआप, बाकीच्यांना नोंदणीसाठी बारा दिवस, चुकले तर कायमचे बाहेर. आजोबांचे नाव कलमातून गेले, त्यांची सवलत तशीच राहिली. ती रद्द व्हायला १९३९ साल उजाडले.